निघण्यापूर्वी इंजिनाचे पाणी पाहावे

आखाजीचा सण जवळ आला आणि शाळांना उन्हाळ्याची सुटी लागली, की सुरतेहून खानदेशाकडे जाणाऱ्या वाटेवर वर्दळ वाढू लागते. सुरतेच्या उधना, लिंबायत, डिंडोली आदी भागांत धुळे, नंदुरबार व जळगाव जिल्ह्यांतून आलेली मराठी कुटुंबे मोठ्या संख्येने स्थायिक झालेली आहेत. यंत्रमागांवर, डाइंग-प्रिंटिंगच्या मिलांत, कापडबाजारात आणि लहानमोठ्या व्यवसायांत त्यांनी आपला जम बसविला आहे. गावाशी असलेले त्यांचे नाते मात्र तुटलेले नाही. लेकीला माहेरी आणणे, लग्नकार्य, शेतीची देखरेख, वडीलधाऱ्यांची विचारपूस अशा अनेक निमित्तांनी ही माणसे गावाकडे येत-जात असतात. पूर्वी हा प्रवास बहुतांशी तापी खोऱ्यातील रेल्वेने अथवा एस. टी.ने होत असे. आजही तो होतो. परंतु आता अनेक घरांच्या दाराशी लहान मोटार उभी असते, आणि गावी जाताना सारे कुटुंब तीतच बसते.

सुरतेहून बारडोली, व्यारा, सोनगड, नवापूर, विसरवाडी, कोंडाईबारीचा घाट, साक्री आणि धुळे असा हा सुमारे सव्वादोनशे किलोमीटरचा मार्ग होय. एकेकाळी राष्ट्रीय महामार्ग क्रमांक ६ म्हणून परिचित असलेल्या या मार्गाला २०१० मधील फेररचनेनंतर ५३ हा क्रमांक मिळाला. सुरतेची हवा समुद्रकाठची, दमट. नवापूर मागे पडले की कोरड्या उन्हाचा प्रदेश सुरू होतो. मे महिन्यात खानदेशात पारा ४२-४३ अंशांपर्यंत चढणे ही नवलाची गोष्ट नाही. अशा उन्हात पाच माणसे, त्यांचे सामानसुमान आणि चालू वातानुकूलन यंत्र यांचा भार घेऊन लहान मोटार घाट चढू लागते. पुढे मालट्रकांची रांग असते. वेग मंदावतो, समोरून येणारा वारा कमी होतो, आणि इंजिन मात्र खालच्या गिअरमध्ये जोराने फिरत राहते. नेमक्या अशा वेळी बॉनेटच्या फटीतून वाफ येऊ लागते व गाडी कडेला घ्यावी लागते.

हा प्रसंग घाटात घडतो म्हणून दोष घाटाला दिला जातो. वस्तुस्थिती बहुधा निराळी असते. इंजिन थंड ठेवणारा द्रव कित्येक आठवड्यांपासून थोडा थोडा कमी होत आलेला असतो. शहरातील तुटपुंज्या फेऱ्यांत ती उणीव जाणवत नाही. चढावर आणि उन्हात ती उघड होते. घरून निघण्यापूर्वी दोन मिनिटे काढून या द्रवाची पातळी पाहिली असती, तर पुढील सारा मनस्ताप टळला असता. हे काम कसे करावे, आणि तसेच का करावे, याची माहिती येथे दिली आहे.

उष्णता येते कोठून, जाते कोठे

मोटारीत भरलेल्या इंधनाची सर्व शक्ती चाके फिरविण्याच्या कामी येत नाही. सर्वसाधारणपणे एक चतुर्थांश ते एक तृतीयांश एवढाच तिचा भाग उपयोगी पडतो. बाकीच्या शक्तीची उष्णता होते. त्यातील बराच भाग धुराबरोबर बाहेर जातो आणि जवळजवळ तितकाच इंजिनाच्या धातूत शिरतो. सिलिंडरमध्ये इंधन पेटते त्या क्षणी तेथील वायूचे उष्णतामान दोन हजार अंश सेल्सिअसच्या आसपास पोहोचते. आजच्या अनेक इंजिनांत वापरला जाणारा ॲल्युमिनियम हा धातू मात्र ६६० अंशांनाच वितळतो. तेव्हा ही उष्णता सतत काढून घेतली नाही, तर इंजिन काही मिनिटांतच निकामी होईल हे उघड आहे.

स्कूटर व बहुतेक साध्या मोटारसायकली यांचे इंजिन वाऱ्याने थंड राहते. त्यासाठीच त्याच्या अंगावर धातूच्या पातळ पट्ट्या काढलेल्या असतात. मोटारीच्या मोठ्या व बंदिस्त इंजिनाला एवढ्याने भागत नाही. त्याच्या भिंतींमध्ये पोकळ वाटा ठेवलेल्या असतात आणि त्यांतून द्रव खेळविला जातो. या द्रवालाच शीतक अथवा प्रचलित भाषेत कूलंट म्हणतात. जुने चालक त्यालाच ‘इंजिनाचे पाणी’ म्हणतात. कार्ल बेन्झ यांनी १८८६ साली पेटंट घेतलेल्या तीनचाकी मोटारीत साधे पाणीच वापरले जाई. ते उकळून वाफेच्या रूपाने निघून जात असे आणि वरचेवर भरावे लागे. पुढे १९०१ च्या मर्सिडीज मोटारीसाठी विल्हेल्म मायबाख यांनी मधमाशीच्या पोळ्यासारखी असंख्य छिद्रे असलेला रेडिएटर तयार केला. तेच पाणी पुन्हा पुन्हा थंड करून वापरण्याची सोय त्यामुळे अधिक कार्यक्षम झाली.

आजच्या लहान मोटारीतील व्यवस्था तत्त्वतः तीच आहे. साधारण साडेतीन ते पाच लिटर शीतक एका पंपाच्या साहाय्याने इंजिनातून फिरते. तेथील उष्णता घेऊन ते रबरी नळीवाटे समोरच्या रेडिएटरमध्ये येते, वाऱ्याने थंड होते आणि पुन्हा इंजिनाकडे जाते. गाडी उभी असताना वा मंद चालताना वारा मिळत नाही. त्या वेळी विजेवर चालणारा पंखा ते काम करतो. इंजिन थंड असताना शीतकाला रेडिएटरकडे जाण्यापासून अडविणारी एक झडपही असते, तिला थर्मोस्टॅट म्हणतात. ती साधारणतः ८२ ते ८८ अंशांच्या दरम्यान उघडू लागते. इंजिन फार थंड असणेही चांगले नसते. त्याने इंधन अधिक जळते व झीज वाढते. म्हणून घाटात गाडी तापते या कारणास्तव थर्मोस्टॅट काढून टाकण्याचा जो उपाय काही ठिकाणी सुचविला जातो, तो योग्य नव्हे.

कुकर आणि रेडिएटर

पाणी शंभर अंशांना उकळते, हे शाळेतील मुलांना ठाऊक असते. मग नव्वद-शंभर अंशांच्या आसपास काम करणाऱ्या इंजिनात ते उकळून का जात नाही? याचे उत्तर स्वयंपाकघरात सापडते. प्रेशर कुकरमध्ये वाफ कोंडली गेल्याने दाब वाढतो आणि पाणी सुमारे १२० अंशांपर्यंत उकळत नाही. त्यामुळेच डाळ लवकर शिजते. रेडिएटरचे झाकण नेमके कुकरच्या शिट्टीचे काम करते. त्यातील स्प्रिंग बाहेरच्या हवेपेक्षा जवळजवळ एक वातावरणाइतका अधिक दाब आत कोंडून ठेवते. अनेक झाकणांवर ०.९ अथवा १.१ असा आकडा कोरलेला असतो, तो याच दाबाचा होय.

या तुलनेतून दक्षतेचा पहिला नियम आपोआप निघतो. शिट्टीतून वाफ गेल्यावाचून कोणतीही गृहिणी कुकरचे झाकण काढीत नाही. सुरतेच्या मिलमध्ये बॉयलरजवळ काम करणारा कामगार कोंडलेल्या वाफेची झडप सहज म्हणून फिरवीत नाही. तोच कामगार रस्त्यात गाडी तापली की घाईघाईने रेडिएटरचे झाकण फिरवितो, ही खेदाची गोष्ट आहे. झाकण सैल होताच आतील दाब एकदम नाहीसा होतो. शंभर अंशांहून अधिक तापलेल्या द्रवाची क्षणार्धात वाफ होते आणि उकळत्या शीतकाचा फवारा चेहरा, छाती व हात यांवर उडतो. अशा भाजण्याने डोळे जाण्याचाही धोका असतो. इंजिन गरम असताना रेडिएटरचे झाकण कोणत्याही कारणास्तव उघडू नये. झाकणावर जाड फडके टाकून ते हळूहळू सोडण्याची युक्तीही भरवशाची नाही. काही मोटारींत रेडिएटरला स्वतंत्र झाकण नसते व बाजूची प्लॅस्टिकची टाकीच दाबाखाली असते. तिच्या झाकणालाही हाच नियम लागू आहे.

साधे पाणी का पुरत नाही

प्रीमियर पद्मिनी आणि ॲम्बॅसडर यांच्या काळात गाडीच्या डिकीत पाण्याचा डबा असे. घाट चढून आले की गाडी थोडी थांबवायची आणि विहिरीचे, नळाचे किंवा ओढ्याचे पाणी रेडिएटरमध्ये ओतायचे, अशी पद्धत होती. मारुती ८०० ही मोटार १९८३ साली आली आणि तिच्यामागून लहान मोटारींच्या अनेक पिढ्या आल्या. परंतु पाणी ओतण्याची ती सवय काही प्रमाणात तशीच राहिली.

या सवयीचे दुष्परिणाम लगेच दिसत नाहीत. विहिरीच्या व बोअरच्या पाण्यात क्षार असतात. ज्याप्रमाणे पाणी तापविण्याच्या भांड्यात किंवा गीझरमध्ये पांढरा थर जमतो, त्याचप्रमाणे इंजिनाच्या वाटांत व रेडिएटरच्या अरुंद नळ्यांत तो साचतो. क्षारांचा थर उष्णता सहजासहजी जाऊ देत नाही. टाकीत पाणी भरलेले दिसते, पण इंजिनाची उष्णता त्याच्यापर्यंत पुरेशी पोहोचत नाही. दुसरी हानी गंजाची. लोखंडी भाग तांबेरतात, ॲल्युमिनियमला बारीक खड्डे पडतात आणि सुटलेला गाळ नळ्यांत अडकतो.

तयार कूलंटमध्ये पाण्याखेरीज दोन गोष्टी असतात. एक, बहुधा एथिलीन ग्लायकॉल हे रसायन. आणि दुसरी, गंज रोखणारी द्रव्ये. फ्रेंच रसायनशास्त्रज्ञ शार्ल-आदोल्फ वुर्त्झ यांनी १८५६ मध्ये हे रसायन प्रथम तयार केले. थंड प्रदेशांत त्याचा उपयोग शीतक गोठू नये म्हणून होतो. पाणी व ग्लायकॉल सम प्रमाणात मिसळल्यास ते मिश्रण शून्याखाली सुमारे ३७ अंशांपर्यंत गोठत नाही. लडाखमध्ये हा गुण मोलाचा. सुरत-धुळे मार्गावर त्याची गरज नाही. येथे उपयोगी पडणारा गुण निराळा आहे. हेच मिश्रण झाकणाच्या दाबाखाली सुमारे १२५ अंशांपर्यंत उकळत नाही. तात्पर्य, चढावर इंजिन अधिक तापले तरी काही अवसर मिळतो. शिवाय गंजरोधक द्रव्ये वर्षभर आपले काम करीत राहतात.

याचा अर्थ ग्लायकॉल जितके जास्त तितके चांगले, असा मात्र नाही. उष्णता वाहून नेण्याच्या बाबतीत पाणी हेच श्रेष्ठ आहे. ग्लायकॉलची ती क्षमता पाण्याच्या निम्म्याहून थोडीशीच अधिक भरते. म्हणून निव्वळ घट्ट कूलंट ओतल्यास इंजिन उलट अधिक तापू शकते. बाजारात कूलंट दोन प्रकारांत मिळते. एक थेट वापरण्याजोगे, ज्यात पाणी घालावयाचे नसते. आणि दुसरे घट्ट, ज्यात ऊर्ध्वपातित अथवा क्षारविरहित पाणी मोटारीच्या पुस्तिकेत सांगितलेल्या प्रमाणात मिसळावयाचे असते. बॅटरीत भरण्यासाठी पेट्रोल पंपावर व सुट्या भागांच्या दुकानात जे शुद्ध पाणी मिळते, ते या कामी चालते. बॅटरीचे आम्ल मात्र त्याच दुकानात तशाच डब्यात मिळते. म्हणून चिठ्ठी वाचूनच डबा घ्यावा.

पातळी कशी पाहावी

पातळी पाहण्याची योग्य वेळ म्हणजे सकाळ. रात्रभर उभ्या असलेल्या गाडीचे इंजिन पूर्ण थंड झालेले असते. गाडी सपाट जागी उभी असावी. बॉनेट उघडल्यावर रेडिएटरच्या जवळपास अर्धपारदर्शक प्लॅस्टिकची एक लहान टाकी दिसते. तिच्यावर ‘फुल’ व ‘लो’ किंवा ‘मॅक्स’ व ‘मिन’ अशा दोन रेषा असतात. द्रवाची पातळी या दोन रेषांच्या दरम्यान असली पाहिजे. टाकी जुनी होऊन पिवळी पडली असेल, तर मागून विजेरीचा प्रकाश टाकावा किंवा गाडी किंचित हलवावी, म्हणजे द्रवाची रेषा स्पष्ट दिसते. काच पुसण्याच्या पाण्याची टाकीही जवळच असते. तिच्या झाकणावर बहुधा फवाऱ्याचे चित्र असते. दोहोंची गल्लत होऊ देऊ नये.

ज्या मोटारीत रेडिएटरला स्वतंत्र झाकण आहे, तिच्या बाबतीत एवढ्यावर थांबू नये. इंजिन तापले की शीतक प्रसरण पावते आणि त्याचा थोडा भाग झाकणातील झडपेतून टाकीत येतो. इंजिन थंड झाले की तोच भाग रेडिएटरमध्ये परत ओढला जातो. झाकणाचे रबर झिजले असेल किंवा मधल्या बारीक नळीला चीर गेली असेल, तर हे परत ओढण्याचे काम बंद पडते. मग टाकी भरलेली दिसते आणि रेडिएटर मात्र रिता होत जातो. यास्तव महिन्यातून एकदा, इंजिन पूर्ण थंड असताना, रेडिएटरचे झाकण काढून शीतक तोंडापर्यंत आहे किंवा कसे हे पाहावे. त्याच वेळी त्याचा रंगही न्याहाळावा. स्वच्छ हिरवा, गुलाबी वा निळा रंग ठीक. गढूळ तांबूस रंग म्हणजे गंज. आणि वर तेलाचा तवंग अथवा तपकिरी साय दिसल्यास गाडी तत्काळ कारागिराकडे न्यावी.

भर कशी घालावी

पातळी खालच्या रेषेजवळ आली असल्यास टाकीचे झाकण काढून त्याच प्रकारचे कूलंट सावकाश ओतावे व वरच्या रेषेपाशी थांबावे. त्याहून अधिक भरू नये. तापल्यावर प्रसरणासाठी जागा लागते. जुन्या व नव्या कूलंटचा रंग एक असला म्हणजे त्यांचा प्रकारही एकच असतो, असे समजू नये. रंग हा उत्पादकाने आपल्या सोयीने दिलेला असतो. निरनिराळ्या प्रकारांतील गंजरोधक द्रव्ये परस्परांशी जुळत नाहीत, त्यांचा गुण कमी होतो आणि क्वचित साका धरतो. पूर्वीच्या मालकाने काय भरले होते हे कळण्यास मार्ग नसेल, तर अशी दुसऱ्या हाताची गाडी विकत घेतल्यावर संपूर्ण शीतक एकदा बदलून घेणे हेच श्रेयस्कर. त्या बदलाची तारीख व प्रकार एका कागदावर लिहून तो गाडीच्या कागदपत्रांसोबत ठेवावा. कूलंटलाही आयुष्य असते. ते किती वर्षांचे अथवा किती किलोमीटरचे, हे मोटारीच्या पुस्तिकेत दिलेले असते.

संपूर्ण शीतक बदलताना यंत्रणेत हवेचे बुडबुडे अडकण्याचा संभव असतो व ते काढून टाकावे लागतात. म्हणून हे काम माहितगार कारागिराकडूनच करून घ्यावे. टाकीत थोडी भर घालणे हे काम मात्र कोणालाही घरी करता येण्यासारखे आहे.

पातळी उतरते ती का

येथे एक गोष्ट विशेष लक्षात ठेवण्यासारखी आहे. इंधन जळून संपते. शीतक संपत नाही. ते बंदिस्त यंत्रणेत फिरत असते. वर्षाकाठी किंचित भर घालावी लागणे स्वाभाविक होय. परंतु दर पंधरवड्यास टाकी भरावी लागत असेल, तर शीतक कोठेतरी जात आहे, आणि ते कोठे जाते हे शोधणे हाच खरा उपाय ठरतो. नुसती भर घालीत राहणे म्हणजे फुटक्या रांजणात पाणी ओतण्यासारखे आहे.

रबरी नळ्यांना तडे जाणे, त्यांच्या पट्ट्या सैल होणे, पंपाजवळ पाझर लागणे, रेडिएटरला खडा लागून छिद्र पडणे ही गळतीची नेहमीची कारणे. वाळलेल्या शीतकाचे रंगीत वा पांढरट डाग गळतीची जागा दाखवितात. चालकाशेजारच्या आसनापुढील पायपुसणे ओले लागत असेल व गाडीत गोडसर वास येत असेल, तर हीटरकडे जाणारी वाट गळत असण्याचा संभव असतो. सी. एन. जी.वर चालणाऱ्या गाडीत आणखी एक जागा तपासावी. दाबाखालील वायू प्रसरण पावताना अतिशय थंड होतो, म्हणून त्याचा दाब कमी करणाऱ्या उपकरणाला इंजिनाच्या गरम शीतकाची ऊब देण्यात येते. त्यासाठी जोडलेल्या जादा नळ्यांचे सांधे सैल होऊ शकतात.

बाहेर कोठेही ओल नाही आणि तरीही पातळी उतरते, ही सर्वांत गंभीर खूण होय. अशा वेळी इंजिनाचा वरचा व खालचा भाग यांच्यामधील हेड गॅस्केट निकामी होऊन शीतक सिलिंडरमध्ये अथवा वंगणात शिरत असू शकते. इंजिन तापल्यावरही मागून पांढरा धूर येत राहणे, किंवा वंगण मोजण्याच्या सळईवर दुधाळ साय दिसणे, ही त्याची लक्षणे होत. याउलट, उन्हाळ्यात वातानुकूलन चालू असताना गाडीखाली पडणारे स्वच्छ, बिनवासाचे पाणी पाहून घाबरण्याचे कारण नाही. हवेतील बाष्प थंड होऊन झालेले ते पाणी असते. सुरतेच्या दमट हवेत ते अधिकच पडते.

यंत्र थांबते, मोटार थांबत नाही

सुरत-धुळे मार्गावर व्यारा लागते. त्याच परिसरात तापीकाठी काक्रापारचे अणुवीज केंद्र आहे. तेथील अणुभट्ट्यांतही उष्णता वाहून नेण्यासाठी शीतकच वापरतात; तेथे ते ‘जड पाणी’ असते. ११ मार्च २०१६ रोजी या केंद्राच्या पहिल्या संचात एका शीतक वाहिनीतून गळती झाली. गळती होताच संच आपोआप बंद पडला आणि भट्टी थंड ठेवण्याची राखीव व्यवस्था कार्यान्वित झाली. शीतक कमी होऊ लागले तर यंत्राने स्वतःच थांबावे, अशी तजवीज तेथे मुळातच केलेली होती.

लहान मोटारीत अशी तजवीज सर्वसाधारणपणे नसते. तिला थांबविणारा एकच, तो म्हणजे चालक. आणि चालकाला सूचना देणारा दिवादेखील सर्वस्वी विश्वासार्ह नव्हे. उष्णतामान मोजणारे उपकरण शीतकात बुडालेले असते. शीतकच बहुतांशी निघून गेले, तर ते उपकरण उघडे पडते आणि इंजिन तापलेले असूनही काटा खाली राहू शकतो किंवा दिवा उशिरा लागू शकतो. अलीकडील बऱ्याच लहान मोटारींत तर काटाही नसतो. इंजिन थंड असताना निळा दिवा व अतिशय तापल्यावर लाल दिवा, एवढीच सूचना मिळते. लाल दिवा लागेपर्यंत अनेकदा नुकसानीस आरंभ झालेला असतो. म्हणूनच सकाळी थंड इंजिनावर डोळ्यांनी पाहिलेली पातळी ही कोणत्याही दिव्यापेक्षा अधिक खात्रीची आणि अधिक लवकर मिळणारी सूचना होय.

वाटेत इंजिन तापल्यास

लाल दिवा लागला, काटा वर गेला किंवा वाफ दिसली, तर ‘पुढच्या धाब्यापर्यंत जाऊ’ असा विचार करू नये. वातानुकूलन बंद करावे, मागील वाहनांना इशारा देऊन गाडी सुरक्षित जागी डाव्या कडेला घ्यावी आणि सूचक दिवे लावावेत. मुले व वृद्ध यांना रस्त्यापासून दूर, सावलीत बसवावे. वाफ येत असेल अथवा शीतक सांडत असेल, तर इंजिन ताबडतोब बंद करावे. वाफ नसेल आणि शीतक सांडत नसेल, तर गिअर काढून इंजिन थोडा वेळ मंद चालू ठेवता येते. हीटर पूर्ण चालू केल्यास इंजिनाची काही उष्णता त्यावाटे निघून जाते. उन्हाळ्यात हा उपाय विचित्र वाटला तरी शास्त्रशुद्ध आहे. एवढे करूनही काटा उतरला नाही, तर इंजिन बंद करावे.

वाफ थांबेपर्यंत बॉनेट उघडू नये. ते उघडल्यावरही पंख्यात हात घालू नये, कारण इंजिन बंद असतानाही विजेचा पंखा अचानक फिरू लागतो. त्यानंतर धीर धरावा. इंजिन हाताला सोसवेल इतके थंड होण्यास अर्धा-पाऊण तास, कडक उन्हात त्याहूनही अधिक वेळ लागतो. तापलेल्या इंजिनावर वा त्याच्या आत थंड पाणी ओतल्यास धातू एकाएकी आकुंचन पावून तडकतो. इंजिन थंड झाल्यावर, कूलंट जवळ नसेल तर, पिण्याचे स्वच्छ पाणी भरून जवळच्या दुरुस्तीगृहापर्यंत सावकाश जाता येते. ही केवळ तात्पुरती सोय आहे. तेथे पोहोचल्यावर गळती बंद करून संपूर्ण शीतक बदलून घ्यावे. भरलेले पाणी लगेच वाहून जात असेल, तर गाडी चालवूच नये, ओढून न्यावी. एका नळीच्या किमतीत मिटणारे काम हट्टाने गाडी पुढे नेल्यास इंजिन उघडण्यापर्यंत जाते. मग मजुरी व सुटे भाग यांत गावी नेण्यासाठी जमविलेली पुंजी खर्ची पडते.

कोणी भाजल्यास त्या भागावर वीस मिनिटे थंड पाण्याची धार धरावी. हळद, तूप, शाई, टूथपेस्ट यांपैकी काहीही लावू नये, फोड फोडू नयेत. स्वच्छ फडक्याने झाकून रुग्णालयात न्यावे. नवापूरच्या अलीकडे गुजरात व पलीकडे महाराष्ट्र असला तरी रुग्णवाहिकेसाठी १०८ हा एकच क्रमांक दोन्ही राज्यांत चालतो.

घरातील विष

कूलंटमधील एथिलीन ग्लायकॉल चवीला गोडसर असते, आणि ते विषारी आहे. पोटात गेल्यास मूत्रपिंडे निकामी होऊन मृत्यू ओढवू शकतो. उरलेले कूलंट सरबताच्या वा थंड पेयाच्या बाटलीत भरून ठेवण्याची पद्धत म्हणूनच अत्यंत घातक होय. त्याचा हिरवा-गुलाबी रंग मुलांना मोहात पाडतो. ते मूळ डब्यातच, झाकण घट्ट लावून, मुलांच्या हाती लागणार नाही असे ठेवावे. जमिनीवर सांडलेले कूलंट भरपूर पाण्याने धुवावे, कारण कुत्री व गुरे ते चाटतात. जुने शीतक ओढ्यात, गटारात किंवा गुरांच्या पाणवठ्याजवळ ओतू नये, दुरुस्तीगृहाकडे सोपवावे. चुकून कोणी प्यायल्यास लक्षणांची वाट न पाहता, डब्यासह रुग्णालय गाठावे.

सर्वांचा सहभाग

शाळेत उत्कलनबिंदू, दाब व प्रसरण हे पाठ शिकविताना शिक्षकांना कुकरच्या जोडीला रेडिएटरचे उदाहरण देता येईल. मुलांनी ते घरी सांगितले, तर पाठ्यपुस्तकातील एक धडा एखाद्या बापाचा चेहरा भाजण्यापासून वाचवील. ज्या कार्यालयांकडे शासकीय वाहने आहेत, तेथील अधिकाऱ्यांनी वाहनाच्या नोंदवहीत शीतकाच्या साप्ताहिक पातळीसाठी एक रकाना ठेवावा. पातळी सतत उतरत असल्याचे त्या रकान्यातून वेळीच ध्यानात येईल, आणि दौऱ्यावर असता वाहन बंद पडण्याचे प्रसंग कमी होतील. ग्रामस्थांनीही गावातील भाड्याच्या गाडीतून रुग्ण वा वऱ्हाड नेण्यापूर्वी चालकाला एवढे विचारण्यास संकोच करू नये.

टायरमधील हवा, इंजिनातील वंगण आणि शीतकाची पातळी या तीन गोष्टी पाहण्यास सकाळची पाच मिनिटे पुरतात. गावी वाट पाहणाऱ्यांना गाडी किती वेगाने आली याचे महत्त्व नसते. ती सुखरूप आली याचे असते. त्यासाठी सुरतेतील आपल्या दारातच, इंजिन थंड असताना, बॉनेट एकदा उघडून पाहावे.